होंडासाहेबांची नोकरी

सरकारी नोकरीत सदतीस वर्षे काढलेल्या गृहस्थाने राक्षसी सरड्याच्या चित्रपटांवर लेख लिहावा, हे मंडळातील काही ज्येष्ठ सभासदांस रुचणार नाही याची मला जाणीव आहे. शिवाय या अंकासाठी मी संपादकांना होळकरकालीन महसूल दफ्तराविषयी लिहून देण्याचे कबूल केले होते. तो लेख टेबलावर अर्धवट पडून आहे. मधल्या काळात उन्हाळ्याच्या सुट्टीत माझा नातू पुण्याहून इंदुरास आला आणि त्याच्या नादाने मी ईशिरो होंडा या जपानी दिग्दर्शकाच्या मागे लागलो. मोटारसायकलवाल्या होंडांशी यांचा काही संबंध नाही, हे आधीच सांगून टाकतो. कारण घरात मला पहिला प्रश्न तोच विचारण्यात आला.

नातू तेरा वर्षांचा. २०२३ साली निघालेल्या 'गॉडझिला मायनस वन' या जपानी चित्रपटाला पुढल्या वर्षी दृश्यपरिणामांसाठी ऑस्कर मिळाले. तो त्याने तीनदा पाहिलेला. आता त्याला या घराण्याचा मूळ पुरुष, म्हणजे १९५४ चा पहिला चित्रपट, पाहावयाचा होता आणि एकट्याने पाहण्यास त्याच्या आजीची परवानगी नव्हती. माझी या प्राण्याशी ओळख फार जुनी. मी शाळेत असताना मामाने मला 'किंग काँग विरुद्ध गॉडझिला' मॅटिनीला दाखविला होता. जाड पोशाख चढविलेली दोन माणसे खेळण्यातल्या घरांवर पडत होती आणि टॉकीजमध्ये शिट्ट्या वाजत होत्या, एवढेच आठवते. माझे वडील संस्कृतचे शिक्षक. मुलाला याहून बरे काही दाखविता आले नाही काय, असे त्यांनी मामाला विचारल्याचेही आठवते. त्या काळी हे खूळ आपल्याकडेही पोहोचले होते. १९६६ साली 'गोगोला' नावाचा एक हिंदी चित्रपटसुद्धा निघाला होता. तेव्हा नातवासोबत बसताना मी हातात वर्तमानपत्र घेऊनच बसलो.

वर्तमानपत्राची घडी शेवटपर्यंत मोडली गेली नाही.

चित्रपट कृष्णधवल आहे. आरंभी समुद्रात एक बोट दिसते. खलाशी विसाव्याला बसलेले आहेत. एकाएकी लख्ख उजेड होतो, पाणी उसळते आणि बोट पेट घेते. हा उजेड कसला, हे १९५४ च्या जपानी प्रेक्षकाला समजावून सांगावे लागले नसेल. त्याच वर्षी १ मार्च रोजी अमेरिकेने प्रशांत महासागरातील बिकिनी बेटांवर हायड्रोजन बॉम्बची चाचणी घेतली होती. जाहीर केलेल्या धोक्याच्या क्षेत्राबाहेर मासेमारी करणाऱ्या एका जपानी बोटीवर त्या दिवशी पांढरी राख पडत राहिली. बोटीचे नाव 'दाइगो फुकुर्यू मारू', म्हणजे 'सुदैवी ड्रॅगन, क्रमांक पाच'. नावे ठेवताना माणसाला काय ठाऊक असते! बोटीवरचे २३ ही खलाशी किरणोत्साराने आजारी पडले. बाजारात आलेला ट्यूना मासा नष्ट करावा लागला. बोटीवरील रेडिओ ऑपरेटर कुबोयामा २३ सप्टेंबरला वारला आणि ३ नोव्हेंबरला हा चित्रपट प्रदर्शित झाला. मधे फक्त सहा आठवडे.

चित्रपटात आगगाडीतले एक साधे संभाषण आहे. एक तरुणी सोबत्यांशी बोलताना किरणोत्सारी माशांविषयी आणि पावसाविषयी कुरकुर करते. नागासाकीतून कशीबशी वाचले आणि आता हे, असे सहज बोलून जाते. पावसाळ्यात आपण खड्ड्यांविषयी बोलतो, त्या सुरात. नातवाच्या ते लक्षातही आले नाही. मी त्याला चित्रपट थांबवायला लावून नागासाकीचे वर्ष सांगितले.

मग तो प्रसंग येतो, ज्यासाठी हा लेख लिहीत आहे. संसदेच्या समितीपुढे वृद्ध पुराजीवशास्त्रज्ञ यामाने साक्ष देतात की, समुद्रतळाशी दडून राहिलेला हा प्राचीन प्राणी हायड्रोजन बॉम्बच्या चाचण्यांमुळे बाहेर पडला आहे. त्याबरोबर एक सभासद उठतात आणि ही माहिती जाहीर होता कामा नये, असे म्हणतात. परराष्ट्रसंबंध नाजूक आहेत, जनतेत घबराट पसरेल, व्यापार बिघडेल. समोरच्या बाकावरील एक महिला सभासद उसळून उठतात: सत्य ते सत्यच आहे, ते जाहीर झालेच पाहिजे. आरडाओरडा होतो, माणसे एकमेकांच्या अंगावर धावून जातात. राक्षस अजून शहरात आलेलासुद्धा नाही.

"आजोबा, हे मीटिंगचं पुढे ढकलू का?" नातवाने विचारले.

"नको. राहू दे," मी म्हणालो. माझ्या आवाजात काहीतरी असावे, कारण त्याने माझ्याकडे वळून पाहिले.

राक्षसाच्या चित्रपटात समितीची बैठक आणणारा हा दिग्दर्शक आहे तरी कोण, हे शोधण्यात माझा उन्हाळा गेला. होंडांचा जन्म ७ मे १९११ चा, उत्तर जपानमधील यामागाता प्रांतातल्या एका डोंगरी खेड्यातला. वडील बौद्ध मंदिराचे प्रमुख. कुटुंब पुढे टोकियोस आले, तिथे मुलाला चित्रपटांचे वेड लागले. १९३३ साली एका चित्रसंस्थेत त्यांना नोकरी मिळाली. हीच संस्था पुढे 'तोहो' झाली. 'नोकरी' हा शब्द मी जाणून वापरतो. त्या काळचे जपानी दिग्दर्शक पगारी असत. साहाय्यक म्हणून लागावयाचे, वर्षानुवर्षे उमेदवारी करावयाची आणि यथावकाश बढतीची वाट पाहावयाची. हे सारे आमच्या खात्यासारखेच.

त्यांच्या उमेदवारीच्या काळचा एक तपशील मला फार आवडला. त्यांच्यानंतर तीन वर्षांनी नोकरीस लागलेले अकिरा कुरोसावा हे त्यांचे जिवलग मित्र. दोघेही काजिरो यामामोतो यांच्या हाताखाली शिकले. कुरोसावांनी आत्मचरित्रात सांगितले आहे की, नेपथ्यवाल्यांना काम उरकेनासे झाले की होंडा स्वतः ब्रश घेऊन बसत आणि सेटवरच्या खोट्या खांबांवर लाकडाच्या रेषा काढीत. सांगितले कोणी नव्हते. गुरूचे चित्र पडद्यावर चांगले दिसावे, एवढाच हेतू. यावरून मित्रांनी त्यांना थट्टेने जुन्या सरदारी थाटाची एक पदवीच बहाल केली होती: लाकडाच्या रेषांचे अधिपती होंडा!

बढती मात्र लांबली. कारण फौज. १९३४ साली पहिले बोलावणे आले. ते ज्या पलटणीत होते तिच्यातल्या काही तरुण अधिकाऱ्यांनी फेब्रुवारी १९३६ मध्ये टोकियोत सशस्त्र बंड केले. होंडांचा त्यात हात नव्हता. पण बंडखोरांत त्यांचा माजी वरिष्ठ अधिकारी होता, आणि तेवढ्यावरून सबंध पलटण संशयास्पद ठरून मांचुरियात रवाना झाली. दुसऱ्याच्या चौकशीत आपले नाव गोवले जाणे म्हणजे काय, हे सरकारी नोकरांना मी समजावून सांगण्याची गरज नाही. पुढे १९३९ अखेर पुन्हा बोलावणे. त्याच महिन्यात त्यांना मुलगी झाली होती. १९४४ साली तिसऱ्यांदा. शेवटी चीनमध्ये युद्धकैदी होऊन १९४६ साली ते मायदेशी परतले. परतीची आगगाडी हिरोशिमावरून गेली. खिडकीतून त्यांनी ते शहर, किंवा शहराची जागा, पाहिली.

या सगळ्या काळात कुरोसावा टोकियोतच होते. शारीरिक तपासणीत नापास झाल्याने त्यांना फौजेत जावेच लागले नाही. १९४३ साली ते दिग्दर्शक झाले. होंडांचा पहिला कथापट निघाला १९५१ साली, वयाच्या चाळिशीत. समुद्रात बुड्या मारून मोती काढणाऱ्या स्त्रियांची ती कथा होती. आमच्याकडे याला 'सुपरसीड होणे' म्हणतात आणि त्यावर माणसे दहा-दहा वर्षे एकमेकांशी बोलत नाहीत. होंडांनी १९४९ साली याच मित्राच्या 'स्ट्रे डॉग' या चित्रपटाचे मुख्य साहाय्यक म्हणून काम केले. टोकियोच्या खऱ्या काळ्या बाजारात कॅमेरा लपवून दिवसचे दिवस हिंडले. चित्रपटातील युद्धोत्तर शहराच्या वातावरणाचे श्रेय कुरोसावांनी त्यांनाच दिले आहे.

१९५४ साली निर्माता तोमोयुकी तानाका यांचा इंडोनेशियाबरोबरचा एक ठरलेला चित्रपट रद्द झाला आणि त्या जागी भरण्यासाठी राक्षसाची कल्पना निघाली. म्हणजे 'गोजिरा'चा जन्म रिकामी जागा भरण्यातून झाला. (गोरिला आणि 'कुजिरा' म्हणजे व्हेल, यांच्या संधीतून हे मूळ जपानी नाव.) असल्या विषयाला हात लावल्यास आपले हसे होईल, असे त्या वेळी अनेकांस वाटत होते. होंडांनी सहकाऱ्यांस स्पष्ट सांगितले की, ज्यांचा या कथेवर विश्वास नाही त्यांनी आताच कळवावे आणि बाजूला व्हावे. करामतींचा भाग एजी त्सुबुराया यांच्याकडे होता. 'किंग काँग'प्रमाणे बाहुली इंच-इंच हलवून चित्रण करण्यास सात वर्षे लागतील, असा त्यांचा अंदाज. म्हणून माणसालाच पोशाख चढविला. पहिल्या पोशाखाचे वजन सुमारे १०० किलो, आत हारुओ नाकाजिमा हा नट, आणि भोवती टोकियोची एक पंचविसांश आकाराची प्रतिकृती. राक्षसाची ती प्रसिद्ध आरोळी संगीतकार आकिरा इफुकुबे यांनी डबलबास या वाद्याच्या सैल तारांवर राळ लावलेला चामडी हातमोजा ओढून मिळविली.

हे ऐकून नातू खूश झाला. मला आठवत राहिल्या त्या वेगळ्याच जागा. जळत्या शहरात एक आई मुलांना कवटाळून भिंतीशी बसली आहे आणि आता आपण बाबांकडेच जाणार, असे त्यांना सांगते आहे. बाबा कुठे गेले, हे चित्रपट सांगत नाही; नऊ वर्षांपूर्वीच युद्ध संपलेल्या देशात सांगण्याची गरज नव्हती. दुसऱ्या दिवशीचे रुग्णालय: जमिनीवर ओळीने माणसे, आणि एका लहान मुलीपुढे किरणोत्सार मोजण्याचे यंत्र धरून डॉक्टर नुसती मान हलवितो. राक्षसाने शहर उद्ध्वस्त केल्यावर काय होते, हे दाखविण्याचे भान नंतरच्या शेकडो चित्रपटांपैकी फार थोड्यांना राहिले.

शेवटी सेरिझावा नावाच्या तरुण शास्त्रज्ञाने शोधलेल्या भयंकर अस्त्राने तो प्राणी मरतो. एकदा ते वापरले की राज्यकर्ते आपल्याकडून ते पुन्हा मागणार, हे सेरिझावाला ठाऊक असते. तो आपले सर्व कागद जाळतो. पण कागद जाळून भागत नाही, डोक्यातले उरतेच. म्हणून समुद्रतळाशी तो स्वतःही प्राण्याबरोबर मरतो. आयुष्यभर कागद सांभाळलेल्या माणसाला हा प्रसंग जरा अधिकच लागतो.

चित्रपट तुफान चालला. अमेरिकेत १९५६ साली तो कापून, मधे एका अमेरिकी वार्ताहराची दृश्ये घुसवून दाखविण्यात आला. त्या खटाटोपात बॉम्बविषयीचे बरेचसे बोलणे गळाले. मूळ चित्रपट तिथल्या चित्रगृहांत रीतसर लागण्यास २००४ उजाडले. मी लहानपणी पाहिलेल्या 'किंग काँग विरुद्ध गॉडझिला'चीही अमेरिकी आवृत्ती अशीच निराळी करण्यात आली होती. तेव्हा वडिलांचा अभिप्राय सर्वस्वी होंडांवर लादता येणार नाही.

यशानंतर कंपनीने होंडांकडून पुढली वीस वर्षे बहुतेक तेच काम करवून घेतले. 'रोडान', 'मॉथ्रा', 'माटांगो' आणि गॉडझिलाच्या एकामागून एक आवृत्त्या. 'मॉथ्रा' (१९६१) मला यांतला सर्वांत गोड वाटला. त्यातला अजस्र पतंग शहरे मोडतो, पण कोणी त्याला मारीत नाही, आपले हरवलेले परत मिळताच तो घरी निघून जातो. होंडांच्या मते हे प्राणी दुष्ट नव्हतेच. गरजेपेक्षा उंच, बलाढ्य आणि जड जन्मले, हे त्यांचे दुर्दैव. पुढे मात्र दूरदर्शन संचांनी प्रेक्षक पळविले, पैसा आटला, राक्षस मुलांचे लाडके झाले आणि कुस्त्या खेळू लागले. कंपनीने मुलांच्या सुट्टीतील खेळांसाठी जुने चित्रपट कापून आखूड केले. ती कात्रीही होंडांनी स्वतः चालविली. दुसऱ्याने कापण्यापेक्षा आपण कापलेले बरे, असा विचार त्यांनी केला असेल काय? मी केला असता. माझे कितीतरी प्रस्ताव मीच अर्धे करून वर पाठविलेले आहेत.

'तक्रार करावयाची नाही' हा त्यांचा गुण मानावा की दोष, याविषयी माझे मत उन्हाळाभर बदलत राहिले. कुरोसावा कंपनीशी भांडले, बाहेर पडले, जगद्विख्यात झाले. होंडा राहिले. १९७५ साली त्यांनी शेवटचा गॉडझिलापट केला. त्यानंतर काही वर्षे गेली, आणि वयाच्या सत्तरीच्या उंबरठ्यावर मित्राने त्यांना बोलावून घेतले. 'कागेमुशा' (१९८०) पासून 'मादादायो' (१९९३) पर्यंतच्या पाचही चित्रपटांत होंडा कुरोसावांचे साहाय्यक होते. स्वतः चाळीसहून अधिक चित्रपट केलेला माणूस पुन्हा दुसऱ्याच्या सेटवर उभा! मला यात कमीपणा दिसला नाही. खांबावर रेषा काढणारा तो मुलगा परत कामावर रुजू झाला, एवढेच मनात आले. २८ फेब्रुवारी १९९३ रोजी ते वारले. 'मादादायो' त्यानंतर एप्रिलमध्ये प्रदर्शित झाला.

त्या पाचांतील 'ड्रीम्स' (१९९०) मी नातू गेल्यावर एकट्याने पाहिला. त्यात एका बोगद्याची गोष्ट आहे. युद्धातून परतणारा अधिकारी बोगदा ओलांडून येतो आणि मागून त्याची मेलेली पलटण शिस्तीत पावले टाकीत येते. आपण मेलो, हे त्या सैनिकांना ठाऊक नसते. तो त्यांना सांगतो की, तुम्हांला मरणाकडे धाडल्याची जबाबदारी माझी आहे. आणि मग त्यांना मागे फिरण्याचा हुकूम देतो. कुरोसावा कधी फौजेत नव्हते. या भागामागे होंडांच्या आठवणी आहेत, असे दोघांविषयी लिहिणारे सांगतात.

एक आठवण होंडांनी स्वतःच लिहून ठेवली होती. दुसऱ्या खेपेस, १९४० च्या सुमारास, चीनमध्ये असताना त्यांना फौजेच्या एका 'सांत्वनगृहा'ची व्यवस्था पाहण्याचे काम नेमून दिले होते. नाव सभ्य आहे. जपानी सैनिकांसाठी स्त्रियांना आणून ठेवण्याची ती जागा. कित्येकींना फसवून वा बळाने आणलेले असे. १९६६ साली, म्हणजे लोकप्रियतेच्या ऐन काळात, त्यांनी एका चित्रपटविषयक मासिकात या कामावर लेख लिहिला. कोणी विचारले नव्हते, कसली चौकशी चालू नव्हती. लिहिल्याने ते काम धुऊन निघाले, असे मी म्हणणार नाही. त्या स्त्रियांना त्याचा काय उपयोग? पण त्यांनी ते नावानिशी छापले.

आता माझ्या बैठकीविषयी. १९९० नंतरच्या दशकात मी माळव्याबाहेरच्या एका लहान गावी अनुविभागीय अधिकारी होतो. गावाच्या एका मोहल्ल्यात काविळीची साथ आली. पाण्याचा नमुना तपासणीस पाठविला होता, त्याचा अहवाल शुक्रवारी माझ्या हाती पडला: नळाच्या पाण्यात सांडपाणी मिसळत होते. पुढच्या आठवड्यात गावात एक मोठा समारंभ होता. वरून फोन आला. लेखी काही नाही. फोनवरचे गृहस्थही शेवटी 'पाहा, तुम्हीच ठरवा' असेच म्हणाले. मी नस्तीवर टीप लिहिली की, जनतेत अनावश्यक घबराट पसरू नये म्हणून अहवाल तूर्त प्रसिद्धीस देऊ नये, दुरुस्ती तातडीने करावी. हिंदीत लिहिलेल्या त्या वाक्याची भाषा मला त्या वेळी नेटकी वाटली होती. दुरुस्तीस नऊ दिवस लागले. पाणी उकळून प्यावे, ही दवंडी दहाव्या दिवशी फिरली. त्या दिवसांत मोहल्ल्यातील एक गरोदर बाई दगावली. काविळीची बाधा प्रकट होण्यास आठवडे लागतात, तेव्हा तिने ते पाणी अहवालाच्या आधीच प्यालेले असणार, असे डॉक्टरांनी मला समजाविले. ते शास्त्रतः खरे आहे. पण त्या नऊ दिवसांत आणखी किती घरांनी ते पाणी भरले, याचा हिशेब कोणी केला नाही. मीही मागितला नाही.

जपानी संसदेतील त्या सभासदाचे आणि माझे शब्द जवळजवळ एकच होते. त्याच्यासमोर निदान एक बाई उठून ओरडली तरी. माझ्या खोलीत मी एकटाच होतो, आणि बाबूने सही वाळविण्यासाठी कागदावर फुंकर घातली होती.

अभिलेख जतन करण्याच्या नियमांप्रमाणे ती नस्ती केव्हाच नष्ट झाली असेल. म्हणून हे येथे लिहिले.

नातू आता दिवाळीत येणार आहे. २०१६ चा 'शिन गॉडझिला' आपण मिळून पाहू, असे त्याने फोनवर बजावले आहे. त्यात म्हणे पहिल्यापासून शेवटपर्यंत बैठकाच आहेत. होळकरकालीन दफ्तरावरील लेख पुढील अंकासाठी अवश्य देईन, असे संपादकांना कळविले आहे.